टेक्सासच्या रँचवर तीन वादक आणि एक नालबंद

पत्राचा गोषवारा: पत्रलेखक २६ वर्षांचे, मूळचे पश्चिम महाराष्ट्रातले आणि पशुवैद्यकाचे पदवीधर आहेत. दीड वर्षाच्या प्रशिक्षण व्हिसावर ते टेक्सासच्या हिल कंट्री भागातील एका रँचवर गुरे आणि घोडे सांभाळण्याचे काम करतात. बंकहाउसमध्ये, म्हणजे गड्यांच्या सामाईक खोलीत, त्यांच्याबरोबर आणखी दोघे राहतात. एक तिथलाच असून गिटारच्या साथीने यॉडलिंग करतो, म्हणजे गळ्याचा आवाज झटकन खालीवर पलटवत गातो. दुसरा मेक्सिकन वंशाचा आहे आणि आजोबांचा अकॉर्डियन वाजवतो. पत्रलेखकांकडे माऊथ ऑर्गन आहे. दर सहा आठवड्यांनी घोड्यांची खुरे तासून नाल ठोकायला एक तरुणी येते, आणि हीच तरुणी शनिवारी जवळच्या गावातील डान्स हॉलमध्ये फिडल, म्हणजे लोकसंगीतातले व्हायोलिन, वाजवते. तिघांनाही ती आवडते. गिटारची तार हळूच उतरवून ठेवणे, माऊथ ऑर्गन घोड्यांच्या खुराकाच्या पिंपात लपवणे असे प्रकार होऊन गेले आहेत. ती लवकर यावी म्हणून पत्रलेखकांनी स्वतःच्या घोड्याचा नाल मुद्दाम सैल केला. अखेर तिघांनी करार केला आहे की, ठरलेल्या शनिवारी तिघांनी वाजवायचे, ज्याला सर्वाधिक टाळ्या पडतील त्यानेच तिला विचारायचे आणि इतरांनी बाजूला व्हायचे. पत्रलेखक विचारतात: काउबॉय गाणे वाजवू की मराठी? मी पाहुणा आहे आणि पाच महिन्यांनी परतणार आहे, तर मीच माघार घ्यावी का? आणि करार मोडला तर मैत्री तुटेल का?

नमस्कार,

आधी घोड्याविषयी बोलू, कारण या सगळ्या प्रकरणात तोच एक निरपराध आहे. सैल नाल घेऊन खडकाळ जमिनीवर चालणाऱ्या घोड्याचे काय होऊ शकते, हे मी एका पशुवैद्याला सांगावे अशी वेळ तुम्ही माझ्यावर आणलीत, याची थोडी लाज तुम्हाला वाटली असेलच. पत्रातील त्या वाक्याचे अक्षर बाकीच्यापेक्षा लहान आहे. तेव्हा त्यावर अधिक बोलत नाही. मात्र एक गोष्ट तुमच्या ध्यानात आलेली दिसत नाही. नालाचा खिळा खुराच्या संवेदनाहीन भिंतीतून तिरपा बाहेर काढतात, त्याचे टोक मोडतात आणि उरलेला तुकडा खाली वळवून खुरावर चपटा दाबतात. चालून चालून नाल सैल होतो तेव्हा ही वळलेली टोके हळूहळू उचलली जातात. कोणी पकडीने ती सरळ केली असतील, तर पकडीचे दात त्या धातूवर उमटलेले राहतात. जिचा हात दिवसभर खुरांवरून फिरतो, त्या नालबंद मुलीला हा फरक कळला नसेल असे तुम्हाला खरोखर वाटते का? तुम्हीच लिहिता की, त्याच आठवड्यात तुमच्या दोन्ही मित्रांच्या घोड्यांचे नालही योगायोगाने सैल निघाले. माझा अंदाज असा आहे की, तिला सगळे केव्हाच कळले आहे आणि घरी जाताना गाडीत ती एकटीच हसली आहे.

हा अंदाज खरा असेल, तर तुमच्या पत्रातील एक मोठे गृहीतक कोसळते. तुम्ही तिघे ज्याला गुप्त स्पर्धा समजता आहात, ती बहुधा तिच्यासमोर उघड्यावर चाललेली आहे. ती सर्व काही पाहते आणि काही बोलत नाही. हे न बोलणे पसंतीचे असेल, करमणुकीचे असेल किंवा कंटाळ्याचेही असेल. तुम्हा तिघांपैकी एकालाही ते माहीत नाही, कारण पाच पानांच्या पत्रात ती काय म्हणाली याचे एकच वाक्य मला सापडले: ‘पुढचा पाय धरा जरा.’

आपल्याकडे बाजारात तुरी आणि भट भटणीला मारी अशी म्हण आहे. तुमच्या करारात तूर अजून शेतात आहे. करार तिघांनी केला, साक्षीला कोणी नाही, आणि ज्या चौथ्या व्यक्तीविषयी तो आहे तिची सही त्यावर नाही. एकमेकांशी प्रामाणिक राहण्याचा त्यामागील हेतू मला कळतो आणि भावतोही. पण टाळ्या वाजवणारे कोण असतील, याचा विचार करा. शनिवारी सहकुटुंब आलेले शेतकरी, दोन-चार पर्यटक आणि तुमच्या रँचचा मुकादम. एखाद्या तरुणीला कोणी विचारावे याचा निर्णय या मंडळींच्या तळहातांवर सोपवणे हा न्याय नव्हे, आणि त्या मंडळींनी तो मागितलेलाही नाही.

तुमच्या भागात अशा गमतीला जुनी परंपरा आहे, हेही सांगायला हवे. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात आणि त्यानंतरही कित्येक वर्षे अमेरिकेच्या ग्रामीण भागात शाळेसाठी किंवा चर्चसाठी पैसे उभे करताना डब्यांचा लिलाव करीत असत. मुली जेवणाचा डबा सजवून आणत. डबा कोणाचा हे उघड करायचे नसे, आणि जो सर्वांत मोठी बोली लावील त्याने त्या मुलीबरोबर बसून जेवायचे असे. एखाद्या तरुणाचा जीव कोणत्या डब्यात अडकला आहे हे त्याच्या सोबत्यांना ठाऊक असेल, तर ते मुद्दाम बोली चढवीत नेत आणि बिचाऱ्याचा खिसा रिकामा करीत. बोली चढवणाऱ्यांना भूक नसे, मजा हवी असे. आता स्वतःला एक प्रश्न विचारा, आणि उत्तर मला नव्हे तर स्वतःलाच द्या: तुमच्या बंकहाउसमध्ये खरा भुकेला कोण आहे आणि बोली चढवणारा कोण? तुमच्या पत्रातील सर्वांत रंगलेला मजकूर त्या मुलीविषयी नाही. तो तार उतरवलेल्या गिटारवर तुमच्या मित्राने अर्धे गाणे कसे रेटले याविषयी आहे, आणि खुराकाच्या पिंपातून काढलेला माऊथ ऑर्गन वाजवताना तोंडात ओटचा दाणा कसा आला याविषयी आहे. ते वाचून मीही मोठ्याने हसले. परंतु हसून झाल्यावर असे वाटले की, तुम्हा तिघांना ही चुरस एवढी प्रिय झाली आहे की ती संपू नये म्हणूनच अजून कोणी तिला विचारलेले नसावे. यात पाप काहीच नाही. कलगी आणि तुरा या दोन फडांचे शाहीर रात्ररात्र एकमेकांना सवाल टाकीत, तेव्हा त्यांनाही उत्तर मिळण्यापेक्षा सवाल टाकण्यातच अधिक गोडी असावी. फक्त त्या सवालांत एका जिवंत व्यक्तीचे नाव गुंतलेले नसे.

दुसरे गृहीतक गाण्याविषयीचे. काउबॉय गातो आणि मुलगी भाळते, हे चित्र तुमच्या मनात पक्के बसले आहे, आणि ते चित्र मुख्यतः १९३० च्या दशकातील चित्रपटांनी रंगवलेले आहे. त्यातला सर्वांत गाजलेला गायक-नट जीन ऑट्री ओक्लाहोमात रेल्वेचा तारयंत्र चालवणारा होता. ज्याच्या यॉडलिंगची नक्कल तुमचा मित्र करतो, तो जिमी रॉजर्स मिसिसिपीचा, रेल्वेवर ब्रेक सांभाळणारा कामगार होता. क्षयाने खंगलेला हा माणूस १९२९ मध्ये तुमच्याच हिल कंट्रीतल्या कर्व्हिल गावी घर बांधून राहिला आणि १९३३ मध्ये वारला. आपल्या कानांवर किशोरकुमारचे यॉडलिंग पडलेले असल्यामुळे ही कला आपल्याला परकी वाटत नाही, आणि टेक्सासच्या गुराख्यालाही ती जन्मजात मिळालेली नाही, एवढेच यावरून दिसते.

खरे गुराखी गात नसत असे मात्र नव्हे. १८६७ पासून पुढे टेक्सासची गुरे शेकडो मैल हाकत कॅन्ससच्या ॲबिलीनसारख्या रेल्वेस्थानकांपर्यंत नेत असत. एका कळपात दोन-तीन हजार गुरे आणि त्यांच्याबरोबर जेमतेम डझनभर माणसे. रात्री गुरे बसली की दोघे स्वार पहाऱ्यावर जात, कळपाभोवती एकमेकांच्या उलट दिशेने संथ फेऱ्या घालीत आणि गात राहत. अंधारात अचानक काही हालले, काडी मोडली, तर सगळा कळप उधळण्याची भीती असे. ओळखीचा आवाज सतत कानावर पडत राहिला म्हणजे गुरांना माणूस कुठे आहे हे कळे आणि ती बिचकत नसत. त्यासाठी भजनासारखी संथ चर्चगीतेही चालत आणि शब्द आठवले नाहीत तर नुसते गुणगुणणेही चाले. उलट दिशेने फिरणारे ते दोघे प्रत्येक फेरीत दोनदा समोरासमोर येत आणि पुन्हा दूर जात. आपल्या धनगरांची ओवी ज्याने रात्री मेंढवाड्याजवळ बसून ऐकली आहे, त्याला हे वेगळे समजावून सांगावे लागणार नाही. त्या गाण्याचा हेतू टाळ्या हा नव्हता, ऐकणाऱ्याचा जीव शांत राहावा हा होता. मग एक बारीक चौकशी करते. ती घोड्याचा पाय दोन गुडघ्यांत धरून वाकलेली असताना तुम्ही तिघे गोठ्याच्या दारात वाजवत उभे राहता, असे तुम्ही अभिमानाने लिहिले आहे. त्या वेळी घोडे कान कुठे वळवतात हे कधी पाहिले आहे का? त्या क्षणी तिला सर्वांत जास्त गरज असते ती शांततेची, कारण घोड्याने पाय झटकला तर लाथ तिला बसणार, संगीतप्रेमींना नव्हे.

तिसरे गृहीतक तुमच्या पाहुणेपणाचे, आणि मला ते सर्वांत कच्चे वाटते. ‘मी इथला नाही, माझे वाद्यही इथले नाही,’ असे तुम्ही लिहिता. तिथले काय आहे ते पाहू. काउबॉयचा दोर, त्याच्या मांड्यांवरचे चामडे, गुराख्यांच्या कसरतींच्या स्पर्धांना म्हणतात तो रोडिओ हा शब्द, हे सारे मेक्सिकोच्या स्पॅनिश बोलणाऱ्या गुराख्यांकडून, व्हाकेरोंकडून आले. गुरे हाकण्याच्या त्या काळात साधारण दर चार गुराख्यांपैकी एक कृष्णवर्णीय होता असा अंदाज अनेकदा दिला जातो, आणि मेक्सिकन गुराख्यांची संख्याही मोठी होती. तुम्ही शनिवारी ज्या प्रकारच्या लाकडी डान्स हॉलमध्ये जाता, तसे हॉल त्या भागात जर्मन आणि चेक वसाहतकारांनी उभे केले. अकॉर्डियन त्यांच्याच लोकांबरोबर आला आणि टेक्सासच्या मेक्सिकन वादकांनी तो असा आपलासा केला की १९३० च्या दशकात नार्सिसो मार्टिनेस या वादकाच्या ध्वनिमुद्रिकांपासून त्याची स्वतंत्र शैलीच रूढ झाली. राहिला तुमचा माऊथ ऑर्गन. तोही जर्मनीतून घराघरांत गेलेला आहे, आणि होनर कंपनी १८५७ पासून तो बनवीत आली आहे. थोडक्यात, त्या बंकहाउसमध्ये कोणाचेही वाद्य ‘इथले’ नाही. परकेपणाचे कारण पुढे करून माघार घेऊ नका. घ्यायचीच असेल तर दुसऱ्या कारणाने घ्या.

ते दुसरे कारण पाच महिन्यांचे आहे आणि ते खरे आहे. पण व्हिसा संपतो म्हणून विचारूच नये, हा निर्णय तुम्ही तिच्या वतीने घेऊन टाकता आहात. तारीख तिला आधी सांगा, मग विचारा. पाच महिने पुरेसे आहेत की फार थोडे, हे मोजण्याचा हक्क तिचाही आहे. कित्येकांना पाच महिन्यांची प्रामाणिक सोबत हवी असते, कित्येकांना नको असते. ‘पुढे बघू’ असे मोघम बोलून तारीख लपवली, तर मात्र सैल नालापेक्षा ते वाईट.

विचारायचे कुठे? रँचवर नव्हे, हे मी आग्रहाने सांगेन. रँच तिचे गिऱ्हाईक आहे. तुम्ही तिथे काम करता, मालकाशी बोलता, पुढच्या खेपेला घोडा धरून तुम्हीच उभे राहणार. अशा जागी ‘नाही’ म्हणणे महाग पडते, आणि जिथे ‘नाही’ महाग असते तिथल्या ‘हो’वर विसंबू नये. डान्स हॉलच्या मंचावर, माइक हातात घेऊन तर मुळीच नव्हे. तो प्रकार चित्रपटात शोभतो, पण प्रत्यक्षात शंभर माणसांसमोर तिची कोंडी होते. काही वर्षांपूर्वी तुमच्या बाजूच्या अशाच एका हॉलमध्ये मी एक संध्याकाळ कडेच्या बाकावर बसून काढली होती. जोडपी हॉलभर घड्याळाच्या उलट दिशेने सरकत होती, पाय घसरावेत म्हणून लाकडी जमिनीवर भुकटी टाकलेली होती आणि एका बाकावर कोणाचे तरी मूल जॅकेट पांघरून झोपले होते. त्या गर्दीतही वादकांची विश्रांती सुरू झाली की पंधरा मिनिटे सगळे बाहेर, गाड्यांपाशी येतात. तिथे, इतरांच्या कानाआड पण नजरेआड नाही अशा ठिकाणी, साधा आणि सहज नाकारता येईल असा प्रश्न विचारता येतो: ‘रविवारी कॉफी प्यायला येणार का?’ तिने ‘बघते’ म्हटले आणि दिवस सांगितला नाही, तर ते नकार समजा आणि दुसऱ्यांदा विचारू नका. आणि हो, नालाची कबुली त्याआधी. हसत द्या, पण द्या. ती फेरी जादा पडली असेल आणि तिचे पैसे रँचने भरले असतील, तर ती रक्कम मुकादमाकडे जमा करण्याइतके तुम्ही मोठे आहात.

आता मित्र. करार गुपचूप मोडू नका. सकाळी कॉफीच्या किटलीपाशी तिघे असताना सांगून टाका की टाळ्यांची पैज तुम्हाला मान्य नाही, ज्याला विचारायचे त्याने आपल्या हिमतीवर विचारावे, आणि तिने कोणाला काय उत्तर दिले यावर बाकीच्यांनी महिनाभर तरी विनोद करू नयेत. ‘मी माघार घेतो’ आणि ‘मी पैजेतून बाहेर पडतो’ यांतला फरक इंग्रजीत नीट सांगता येईल ना, याचा आधी सराव करा. नाही तर दुपारपर्यंत गिटारवाला तुमच्या त्यागावर गाणे रचून मोकळा होईल. मैत्री तुटेल का? एकमेकांच्या वाद्यांवर इतके अत्याचार करूनही जी टिकली आहे, ती एका खऱ्या वाक्याने तुटेल असे मला वाटत नाही. अकॉर्डियनवाल्याकडे मात्र जरा लक्ष असू द्या. तुमच्या संपूर्ण हकिकतीत त्याने कोणाचीही खोडी काढलेली नाही आणि तिच्याविषयी तो फारसे बोलतही नाही. बोली न चढवणारा कदाचित तोच असेल. तसे असेल आणि तुमच्या मनात केवळ चुरशीची मजा असेल, तर कोणत्या कारणाने मागे सरायचे ते तुम्हाला सांगायला नको.

अशी पत्रे मला केवळ रँचवरून येत नाहीत. ढोल-ताशा पथकातून, गायनाच्या वर्गातून, कार्यालयातील वाद्यवृंदातून येतात. त्यांतही दोघे-तिघे एकमेकांवर मात करण्यात दंग असतात आणि जिच्यासाठी हे चालले आहे तिला सरावाची वेळ तरी सोयीची आहे का, हे कोणी विचारलेले नसते. त्या सर्वांना माझे एकच सांगणे असते की, आधी तिच्याबरोबर वाजवून पाहा.

म्हणून शेवटी तुमच्या गाण्याच्या प्रश्नाकडे येते. काउबॉय गाणे की मराठी, हा प्रश्न तुम्ही हुकमाचे पान निवडावे तसा विचारला आहे. त्याऐवजी, ती वाजवते त्यात तुम्हाला कुठे शिरता येईल हे पाहा. टेक्सासच्या फिडल स्पर्धांमध्ये फिडलवाल्याच्या शेजारी बसून गिटारची संगत करणाऱ्याला मोठा मान असतो, आणि तो मान तो पुढे येत नाही म्हणूनच मिळतो. माऊथ ऑर्गनवाल्यांची बदनामी उलट कारणासाठी आहे: दुसऱ्याचे गाणे चालू असताना त्यांना गप्प राहवत नाही. दोन धून तिच्याकडून मागून घ्या, मागे राहून संगत करा आणि तिचे कडवे आले की तोंडापासून वाद्य खाली घ्या. मराठी चाल वाजवावीशी वाटली तर अवश्य वाजवा, पण ती तुमची लाडकी आहे म्हणून वाजवा. दादऱ्याच्या सहा मात्रा वॉल्ट्झ या नाचाच्या तीन-तीनच्या पावलांत सहज बसतात, त्यामुळे दादऱ्यातील एखाद्या भावगीतावर तिथली जोडपी न अडखळता नाचतील. तुमच्या वाद्यावर कोमल स्वर सहजी निघत नाहीत, तेव्हा भूपाच्या, म्हणजे पाचच शुद्ध स्वरांच्या, अंगाची चाल निवडा. ते पाच स्वर तिच्या कितीतरी फिडल धुनांतही असतात, आणि दुसऱ्या फेरीपासून ती तुमच्या मागे वाजवू लागली तर चकित होऊ नका.

एक शेवटची अडचण उरते. तुमच्याकडे सी स्वराचा एकच माऊथ ऑर्गन आहे असे तुम्ही लिहिले आहे, आणि फिडलवाली माणसे बहुतेक वेळ ए, डी आणि जी या पट्ट्यांमध्ये रमतात. सीवर श्वास आत ओढून वाजवण्याच्या पद्धतीने जी निघतो, बाकीचे दोन निघत नाहीत. शनिवारच्या आत डी स्वराचा एक विकत घ्या. डी त्यावर सरळच निघतो आणि त्याच आत ओढण्याच्या पद्धतीने ए सुद्धा. घेतल्यावर तो उशाखाली ठेवा, खुराकाच्या पिंपापासून दूर.